एका शिलिंगचं जहाज

न्यूझीलंडची दोन मुख्य बेटं आहेत हे तुम्ही भूगोलात वाचलं असेलच. उत्तर बेट आणि दक्षिण बेट. मध्ये कुकची सामुद्रधुनी. उत्तर बेटाच्या खालच्या टोकाला वेलिंग्टन ही राजधानी आहे. तिथून फेरीबोटीत बसलात की साधारण साडेतीन तासांत दक्षिण बेटावर उतरता. सामुद्रधुनीत वारा आणि लाटा भरपूर, पोटात कालवतं. पण शेवटच्या तासाभरात बोट डोंगरांच्या कुशीत शिरते आणि पाणी एकदम तळ्यासारखं होतं. इथल्या जुन्या दऱ्यांमध्येच समुद्र शिरलेला आहे, त्यामुळे दोन्ही बाजूंचे हिरवे डोंगर थेट पाण्यात उतरतात. बामणोलीहून तापोळ्याला लाँचने गेला असाल तर तुम्हाला हे दृश्य ओळखीचं वाटेल. तिथे कोयनेच्या धरणानं दऱ्या बुडवल्या, इथे समुद्रानं.

या पाण्याच्या शेवटाला पिक्टन नावाचं छोटंसं गाव आहे. बहुतेक प्रवासी बोटीतून उतरतात, गाडीत बसतात आणि पुढे निघून जातात. तुम्ही मात्र तसं करू नका. धक्क्यापासून थोडं चाललात की किनाऱ्याला एक सुकी गोदी लागते. सुकी गोदी म्हणजे काय? समुद्राला लागून एक मोठा हौद बांधायचा. भरतीच्या पाण्याबरोबर जहाज आत घ्यायचं, दार लावायचं आणि पाणी उपसून टाकायचं. जहाज खाली टेकतं आणि तुम्हाला त्याच्या पोटाखालून फिरता येतं.

या गोदीत एक लाकडी जहाज आहे. पहिल्यांदा पाहिलंत तर खरं सांगतो, तुमची निराशाच होईल. डोलकाठ्या नाहीत, शिडं नाहीत, दोर नाहीत. नुसतं एक भलंमोठं लाकडी पोट, तेही जागोजागी कापलेलं. लांबी सुमारे ४८ मीटर, रुंदी ९ मीटर. नाव ‘एडविन फॉक्स’. इंग्लंडमधून ऑस्ट्रेलियाला कैदी नेणाऱ्या शेकडो जहाजांपैकी आज जगात शिल्लक राहिलेलं हे एकुलतं एक.

आणि या इंग्रजी नावाच्या जहाजाचा जन्म कुठला म्हणता? आपल्या कोलकात्याचा!

हुगळी नदीच्या एका काठाला कोलकाता, समोरच्या काठाला हावडा. हावड्याच्या बाजूला साल्किया म्हणून भाग आहे. तिथल्या गोदीत १८५३ साली हे जहाज बांधलं गेलं. जहाजं बांधायची ती साहेबानं आणि आपण त्यांत कापूस भरायचा, अशी आपली एक समजूत असते. ती काही खरी नाही. मुंबईत वाडिया घराण्यातले पारशी कारागीर पिढ्यान् पिढ्या जहाजं बांधत होते. त्यांनी १८१७ साली बांधलेली ‘त्रिंकोमाली’ ही लढाऊ नौका इंग्लंडमधल्या हार्टलपूलला आजही पाण्यावर तरंगते आहे. दोनशे वर्षं उलटून गेली!

यामागचं गुपित आहे सागवानात. युरोपात जहाजं ओक नावाच्या लाकडाची बनत. ओक मजबूत असतो, पण त्यातल्या आम्लानं लोखंडी खिळे गंजतात आणि खिळ्याभोवतालचं लाकूडही खराब होतं. सागवानात तेलाचा अंश असतो. त्यात खिळा टिकतो, पाणी सहज मुरत नाही आणि किडाही लवकर शिरत नाही. तुमच्या आजोळी शंभर वर्षांचं सागवानी दार असेल तर त्याच्यावर एकदा हात फिरवून पाहा, म्हणजे कळेल.

तरीसुद्धा समुद्रातल्या किड्यांची धास्ती असायचीच. म्हणून जहाजाच्या पाण्याखालच्या भागावर बाहेरून पत्रा ठोकत. हा पत्रा तांबं आणि जस्ताच्या मिश्रधातूचा, म्हणजे एक प्रकारचं पितळच. फळ्यांच्या मधल्या फटींत जुन्या दोरांचे पिंजलेले तंतू ठोकून बसवत आणि वरून डांबर ओतत. हे तंतू कोण पिंजत असे ठाऊक आहे? इंग्लंडच्या तुरुंगांतले कैदी. डांबरानं कडक झालेले दोर दिवसभर बोटांनी उसवत बसायचं. नखं फाटायची, बोटं सोलायची. म्हणजे जहाजात कैदी चढण्याआधीच कैद्यांचे श्रम जहाजात जाऊन बसलेले असत.

तर असं हे नवंकोरं जहाज आफ्रिकेला वळसा घालून लंडनला गेलं. तिथे डंकन डनबार नावाच्या बड्या जहाजमालकानं ते ३०,००० पौंडांना विकत घेतलं. तेव्हाच्या मानानं ही रक्कम फार मोठी होती. पण डनबारचं गणित पक्कं होतं. रशियाविरुद्ध क्रिमियाचं युद्ध सुरू झालं होतं. हो, फ्लॉरेन्स नाइटिंगेलबाईंमुळे तुम्हाला माहीत असलेलं तेच युद्ध. सरकारला सैनिक न्यायला जहाजं हवी होती आणि सरकार भाडं चांगलं देत होतं. एडविन फॉक्स सैनिक वाहू लागलं.

इथे एक गोष्ट नीट समजून घेऊ या, कारण पुढची सगळी हकिगत तिच्यावरच उभी आहे. हे जहाज सैनिकी नव्हतं आणि तुरुंगाचंही नव्हतं. ते साधं मालवाहू जहाज होतं, आजच्या एखाद्या ट्रकसारखं. ज्याचं भाडं मिळेल त्याचा माल. वरचा डेक, त्याच्याखाली मधला मजला आणि सर्वांत खाली मालाचं पोट. मधला मजला म्हणजे एक लांबलचक खोली. कप्तान किंवा भाडेकरू सांगेल त्याप्रमाणे सुतार तिथे फळ्या ठोकायचे, काढायचे, पुन्हा ठोकायचे. कधी सैनिकांसाठी, कधी प्रवाशांसाठी, कधी चहाच्या पेट्यांसाठी.

युद्ध संपत आलं तशी जहाजानं १८५६ च्या फेब्रुवारीत प्रवासी आणि माल घेऊन मेलबर्नची वाट धरली. तिथून ते चीनच्या बंदरांकडे वळलं. आणि मग त्याला एक वेगळंच भाडं मिळालं. चीनमधल्या शेकडो मजुरांना क्युबा बेटावर पोचवायचं.

क्युबात उसाचे मळे होते. गुलामांचा व्यापार बंद करा असा दबाव वाढत होता, पण मळ्यांना माणसं तर हवीच होती. मग चीनमधल्या गरिबांकडून आठ-आठ वर्षांच्या करारांवर अंगठे घेतले जात. कित्येकांना फसवून आणलेलं असे, काहींना चक्क पळवून. कागदावर ही माणसं स्वतंत्र! १८४७ ते १८७४ या काळात सव्वा लाखाच्या आसपास चिनी मजूर क्युबात उतरले आणि आणखी हजारो वाटेतच मेले. निघालेल्या दर आठ-नऊ जणांमागे एक पोचलाच नाही. आपल्याकडूनही मॉरिशसच्या उसाच्या मळ्यांवर करारानं मजूर नेत. त्यांतले पुष्कळ कोकणातले. त्यांचे वंशज आजही तिकडे स्वतःला मराठी म्हणवतात आणि गणपती बसवतात. एडविन फॉक्स काही त्यांना घेऊन गेलं नाही, पण अशीच दुसरी जहाजं त्यांना घेऊन गेली.

आता १८५८ सालाकडे येऊ.

इंग्लंडच्या सरकारनं आपले कैदी समुद्रापार टाकायची पद्धत फार आधीपासून चालवली होती. आधी ते अमेरिकेला पाठवत. अमेरिका स्वतंत्र झाली, ती वाट बंद झाली. मग ऑस्ट्रेलिया. १७८८ साली पहिली अकरा जहाजं तिथे पोचली आणि १८६८ पर्यंत हे चालू राहिलं. ऐंशी वर्षांत १ लाख ६० हजारांहून जास्त माणसं, बायका आणि मुलंसुद्धा. होय, मुलंसुद्धा. तुमच्याच वयाची मुलंही त्यांत होती. गुन्हे तरी कसले? अनेकांनी चोऱ्या केलेल्या, काहींच्या तर अगदी किरकोळ. मेंढी चोरणं हा तर तेव्हा फार मोठा गुन्हा. १८३२ पर्यंत त्याला फाशी होती. त्यानंतर फाशीऐवजी समुद्रापार रवानगी. हे मेंढीचं प्रकरण लक्षात ठेवा, पुढे कामाला येणार आहे.

पश्चिम ऑस्ट्रेलियाची गोष्ट थोडी निराळी. ती वसाहत १८२९ साली मोकळ्या लोकांनी वसवली, पण तिथे काम करायला हात पुरेनात. रस्ते नाहीत, पूल नाहीत. तेव्हा तिथल्या लोकांनीच सरकारकडे कैदी मागितले! १८५० पासून कैदी येऊ लागले, फक्त पुरुष. पुढच्या अठरा वर्षांत जवळपास दहा हजार.

त्यांतलीच एक फेरी एडविन फॉक्सची. मधल्या मजल्यावर सुतारांनी पुन्हा फळ्या ठोकल्या. या वेळी मजबूत आडभिंती आणि गजही. २६ ऑगस्ट १८५८ ला जहाज प्लिमथहून निघालं. आत २८० कैदी. पहारेकरी म्हणून निवृत्त सैनिक. हे सैनिक आपल्या बायकामुलांना घेऊन निघालेले असत, कारण त्यांना तिकडेच जाऊन स्थायिक व्हायचं असे. म्हणजे पाहा, फळ्यांच्या एका बाजूला कैदी आणि दुसऱ्या बाजूला पाळण्यातलं मूल. दोघांनाही तोच समुद्र हलवतोय, दोघांनाही तोच ओला वास येतोय. २० नोव्हेंबरला जहाज फ्रीमँटल बंदरात लागलं. ८६ दिवस.

तुम्हाला वाटेल, या कैद्यांचे हाल कुत्रा खात नसेल. आश्चर्य म्हणजे तेव्हाच्या इतर प्रवाशांच्या तुलनेत कैद्यांची निगा बरी राखली जात असे. यात दयामाया थोडी, हिशेब जास्त. १७९० साली कैद्यांचा दुसरा काफिला ऑस्ट्रेलियाला गेला, तेव्हा ठेकेदाराला पैसे मिळत ते जहाजात चढवलेल्या डोक्यांवर. माणूस जिवंत पोचला काय, मेला काय, ठेकेदाराला सारखंच. उलट मेला तर त्याचं खाणं वाचलं! हजारेक कैद्यांपैकी अडीचशेहून जास्त वाटेत मेले. मग सरकारनं नियम बदलले. जिवंत उतरलेल्या कैद्यांवर बक्षीस ठेवलं. १८१५ च्या सुमारापासून प्रत्येक कैदी जहाजावर नौदलाचा डॉक्टर नेमला आणि कैद्यांच्या बाबतीत त्याचा शब्द अखेरचा ठरवला. डेक घासायचे, अंथरुणं उन्हात टाकायची, लिंबाचा रस सर्वांनी डोळ्यांदेखत प्यायचा. त्या रसामुळे स्कर्व्ही हा हिरड्यांचा रोग होत नाही. पश्चिम ऑस्ट्रेलियाच्या जहाजांवर तर शाळा चालायची. अंगठेबहाद्दर म्हणून जहाजात चढलेला माणूस सही करायला शिकून उतरे.

आता चिनी मजूर आठवा. त्यांनी कसलाही गुन्हा केला नव्हता. पण त्यांच्या जिवाची चौकशी करणारा असा सरकारी डॉक्टर नव्हता, आणि शेकड्यामागे काही दगावणार हे मळेवाल्यांनी आपल्या हिशेबात आधीच धरलेलं असे. तेच जहाज, तोच मधला मजला. गुन्हेगार बरे पोचत आणि निरपराध मरत. मला तर एडविन फॉक्सच्या सगळ्या हकिगतीत हीच गोष्ट सर्वांत जास्त टोचते.

फ्रीमँटलला चुनखडीच्या दगडाचा एक प्रचंड तुरुंग आहे. तो कैद्यांनीच बांधला. एडविन फॉक्स पोचलं तेव्हा त्याचं काम संपत आलं होतं, १८५९ मध्ये ते पुरं झालं. १९९१ पर्यंत तो तुरुंग म्हणून वापरात होता आणि २०१० साली तो जागतिक वारसा म्हणून जाहीर झाला. शिक्षेचा काही भाग नीट भोगलेल्या कैद्याला परवाना मिळे. मग तो वसाहतीत पगारावर काम करू शकायचा. बहुतेक जण परत गेलेच नाहीत. कसे जाणार? परतीचं भाडं कोण देणार?

जाता जाता एक लक्षात घ्या. याच १८५८ सालच्या मार्चमध्ये ‘सेमिरामिस’ नावाच्या आगबोटीतून दोनशे हिंदी कैदी कोलकात्याहून अंदमानला उतरवले गेले. आपण ज्याला काळं पाणी म्हणतो, त्या पोर्ट ब्लेअरच्या वसाहतीची ती सुरुवात.

कैदी उतरवले, फळ्या काढल्या, एडविन फॉक्स पुन्हा मोकळं. पुढची दहा-बारा वर्षं ते माल वाहत राहिलं. हिंदुस्थानातल्या गोऱ्या सैनिकांसाठी त्यानं इतकी बिअर वाहिली म्हणतात, की त्याला तसं टोपणनावही पडलं! पण १८६९ मध्ये सुएझचा कालवा उघडला आणि शिडाच्या जहाजांचे दिवस भरले. तांबड्या समुद्रातले वारे शिडांना सोयीचे नाहीत. आगबोटींना वाऱ्याशी काय देणंघेणं? पूर्वेकडचा चांगला माल आगबोटींनी पळवला. शिडाच्या जहाजांना राहिले ते लांबचे रस्ते.

न्यूझीलंड हा त्यांतला सर्वांत लांबचा. तिथल्या सरकारला इंग्लंडहून शेतकरी, सुतार, घरकाम करणाऱ्या मुली हव्या होत्या, आणि त्यांच्या प्रवासाचा खर्च सोसायची सरकारची तयारी होती. मग पुन्हा सुतार, पुन्हा फळ्या. पुढच्या भागात एकटे पुरुष, मध्ये कुटुंबं, मागे एकट्या मुली, आणि त्यांच्यावर लक्ष ठेवायला एक बाई. १८७३ ते १८८० या काळात चार फेऱ्यांत मिळून ७५१ माणसं एडविन फॉक्सनं न्यूझीलंडला आणली. पहिलीच फेरी गाजली. बिस्केच्या उपसागरात वादळानं जहाज इतकं झोडपलं, की त्याला ओढून फ्रान्समधल्या ब्रेस्ट बंदरात न्यावं लागलं. डागडुजी करून ते पुन्हा निघालं आणि १८७३ च्या जूनमध्ये लिटलटन बंदरात पोचलं. त्या माणसांची पतवंडं, खापरपतवंडं आज न्यूझीलंडमध्ये आहेत. पिक्टनला येऊन आपलं आडनाव यादीत शोधणं हा त्यांचा आवडता उद्योग असतो.

आणि आता मेंढ्या! न्यूझीलंडमध्ये मेंढ्या उदंड, खाणारी तोंडं मात्र थोडी. मटण इंग्लंडला पोचेपर्यंत नासणार. पण १८८२ च्या फेब्रुवारीत ‘डुनेडिन’ नावाचं शिडाचंच जहाज गोठवलेलं मटण घेऊन इंग्लंडला निघालं आणि माल उत्तम अवस्थेत पोचला. साऱ्या देशाचं नशीब पालटलं. आता बंदरात मटण गोठवून साठवायला जागा हवी. नवीन शीतगृह बांधण्यापेक्षा जुनं जहाज स्वस्त. त्याची लाकडी भिंत जाड, आत जागा भरपूर. १८८५ मध्ये एडविन फॉक्सच्या पोटात बर्फ करणारी यंत्रं बसवली गेली. जिथे कदाचित एखाद्या मेंढीचोरानं ८६ रात्री काढल्या असतील, तिथे आता हजारो मेंढ्या उलट्या टांगलेल्या! १२ जानेवारी १८९७ ला त्याला ओढत पिक्टनला आणलं. तिथून ते पुढे कधी कुठे गेलं नाही. काही वर्षांनी किनाऱ्यावर पक्कं शीतगृह झालं, तेव्हा याच्यात कोळसा भरू लागले. कोळसा आतबाहेर करायला सोपं जावं म्हणून बाजूला चक्क भोकं पाडली. १९५० नंतर तेही काम संपलं.

याच काळात दुसरीकडे एक गंमत चालली होती. ‘सक्सेस’ नावाचं ब्रह्मदेशात बांधलेलं एक जहाज होतं. मेलबर्नला ते काही काळ पाण्यावरचा तुरुंग म्हणून वापरलं गेलं, पण इंग्लंडहून कैदी घेऊन ते कधीच आलं नव्हतं. काही हिकमती लोकांनी ते घेतलं, आत बेड्या आणि मेणाचे पुतळे मांडले, त्याचं वय पन्नास वर्षांनी वाढवलं आणि ‘भयंकर कैदी जहाज’ म्हणून तिकीट लावलं. ऑस्ट्रेलिया, इंग्लंड, अमेरिका, सगळीकडे रांगा! १९४६ साली अमेरिकेतल्या ईरी सरोवरात ते जळून गेलं. तोतयाला गर्दी, आणि अस्सल कैदी जहाज पिक्टनच्या धक्क्यावर कोळसा पोटात घेऊन गप्प उभं.

१९६५ साली पिक्टनच्या काही माणसांनी एक संस्था काढली आणि हे लाकडाचं धूड विकत घेतलं. किंमत, एक शिलिंग! डनबारनं मोजले होते तीस हजार पौंड, आणि एका पौंडात शिलिंगं असतात वीस. करा हिशेब. जहाज स्वस्त, पण पुढचं काम महाग. पैसे जमेनात. १९६७ मध्ये त्याला शेजारच्या शेक्सपिअर बे नावाच्या खाडीत नेऊन ठेवलं. तिथे ते जवळजवळ वीस वर्षं वाळूत रुतून पडलं. भरतीला पोटात पाणी शिरे, ओहोटीला निघून जाई. लोक आठवण म्हणून लाकडाचे तुकडे काढून नेत. १९८६ मध्ये ते पुन्हा तरंगवलं, तेव्हा पाण्यातल्या सागवानाचा बराच भाग धड निघाला. १९९९ च्या मे महिन्यात ते आजच्या सुक्या गोदीत शिरलं.

आधी बेत असा होता, की नव्या डोलकाठ्या उभारायच्या, शिडं लावायची, जहाज पुन्हा नव्यासारखं करायचं. पण त्याला लागणारा खर्च अफाट, आणि इतकं नवं लाकूड घातल्यावर जुनं उरणार किती? तो बेत सोडून दिला. जे आहे ते तसंच सांभाळायचं ठरलं. म्हणून मजला तोडलेली जागा तुटलेलीच ठेवली आहे आणि कोळशासाठी कापलेली भोकंही बुजवलेली नाहीत. गोदीच्या तळाशी उतरलात की डोक्यावर साल्कियाच्या गोदीत जोडलेल्या फळ्या दिसतात, आणि खाली काही ठिकाणी तो जुना पितळी पत्रा अजून लाकडाला धरून आहे.